जुने जावा ॲप साध्या कीपॅड फोनवर चालवण्यासाठी: जार फाइलच्या दुरुस्तीची सविस्तर पद्धत

नोकिया, सोनी एरिक्सन, मोटोरोला आणि सॅमसंग यांच्या बटणांच्या फोनवर एके काळी जी छोटी ॲप चालत असत, त्यांपैकी बहुतेक जावा मायक्रो एडिशन, म्हणजे जेटूएमई, या पद्धतीने लिहिलेली होती आणि जार नावाच्या एकाच फाइलीत मावत होती. अशी जार फाइल आज एखाद्या साध्या फोनवर टाकली की ती कधी इन्स्टॉलच होत नाही, कधी उघडताक्षणी बंद पडते, तर कधी उघडते पण बटणे दाद देत नाहीत. मग ‘जारचे व्हीएक्सपी करून मिळेल’, म्हणजे काही फोनवर चालणाऱ्या दुसऱ्या प्रकारच्या ॲप-फाइलीत रूपांतर होईल, असे सांगणाऱ्या साधनांचा शोध सुरू होतो आणि त्यात बराच वेळ जातो. माझे मत स्पष्ट आहे: एका बटणात रूपांतर करून देणारे असे साधन मिळण्याची आशा सोडावी. फोन नेमका कोणत्या जातीचा आहे हे आधी ठरवावे आणि त्यानुसार जार फाइलीची हाताने दुरुस्ती करावी, किंवा ते शक्य नसेल तर ॲप नव्याने लिहावे. हे काम चिकाटीचे असले तरी अवघड नाही.

उदाहरणासाठी मी दूध संकलन केंद्रावर वापरायचे एक छोटे हिशेबाचे ॲप डोळ्यांसमोर ठेवले आहे. उत्पादकाचा क्रमांक, लिटर, फॅट आणि एसएनएफ (स्निग्धांश सोडून दुधातले उरलेले घन पदार्थ) भरले की दर व रक्कम दाखवणे आणि दहा दिवसांची बेरीज ठेवणे एवढेच त्याचे काम. अशा ॲपला इंटरनेट लागत नाही, त्यामुळे साधा फोन त्याला पुरतो. लेखात फाइलींची, क्लासची आणि आज्ञांची नावे उच्चाराप्रमाणे देवनागरीत दिली आहेत. संगणकावर ती मूळ रोमन अक्षरांतच लिहायची आहेत. शिवाय ॲप स्वतःचे असावे, किंवा त्यात बदल करण्याची मुभा त्याच्या कर्त्याने दिलेली असावी.

पहिली पायरी: फोन ओळखणे

बाहेरून सारखे दिसणारे दोन कीपॅड फोन आतून पूर्णपणे वेगळे असू शकतात. नोकियाचे सिरीज ४० प्रकारातले फोन, उदाहरणार्थ २७०० क्लासिक, ५१३० एक्सप्रेसम्युझिक किंवा २०६, जावा ॲप थेट चालवतात. त्यानंतर आलेले सिरीज ३० प्लस प्रकारातले फोन नावाने त्यांचे धाकटे भाऊ वाटतात, पण त्यांचा पाया निराळा आहे. त्यांपैकी २०१४ मध्ये आलेले नोकिया २२० आणि २२५ हे मीडियाटेक या चिप बनवणाऱ्या कंपनीच्या एमआरई व्यवस्थेतली व्हीएक्सपी ॲप चालवतात, तर नोकिया १०५ सारख्या फोनवर बाहेरचे कोणतेही ॲप टाकण्याची सोयच नाही. जिओफोन हा तिसरा प्रकार. तो कायओएसवर चालतो आणि त्यावरील ॲप वेब तंत्रज्ञानाने बनलेली असतात. २०१७ च्या नोकिया ३३१० च्या बाबतीत तर एकाच नावाच्या टूजी आणि थ्रीजी आवृत्त्यांमध्ये वेगवेगळी व्यवस्था आहे: टूजी आवृत्ती सिरीज ३० प्लसवर, तर थ्रीजी आवृत्ती जावावर आधारलेली. त्यामुळे केवळ मॉडेलचे नाव वाचून निर्णय घेऊ नये. बॅटरीखालच्या पट्टीवरील टाइप क्रमांक पाहून त्या नेमक्या आवृत्तीची माहिती काढावी.

मीडियाटेक चिप असलेल्या, फारशा परिचित नसलेल्या ब्रँडच्या फोनमध्ये कधी कधी फर्मवेअरमध्येच (फोनच्या मूळ सॉफ्टवेअरमध्येच) जावा मशीन, म्हणजे जावा ॲप चालवणारा भाग, असते. मेनूत ‘जावा’ नावाचा विभाग दिसतो का, आणि सेटिंगमध्ये जावासाठी सिम किंवा हीप मेमरी (ॲप चालताना लागणारी मेमरी) निवडण्याची सोय आहे का, हे पाहावे. ती असेल तर व्हीएक्सपीच्या वाटेला जाण्याचे कारणच उरत नाही. पुढच्या बहुतेक पायऱ्या जावा चालवणाऱ्या फोनसाठी आहेत. उरलेल्या दोन प्रकारांचा विचार शेवटी केला आहे.

दुसरी पायरी: जार उघडून तपासणे

जार म्हणजे झिप फाइलच असते. तिची एक प्रत बाजूला सुरक्षित ठेवावी आणि दुसरी सेव्हन-झिपसारख्या साधनाने एका रिकाम्या फोल्डरमध्ये उलगडावी. आत मेटा-इन्फ नावाच्या फोल्डरमध्ये मॅनिफेस्ट ही मजकुराची फाइल असते, तर बाकी क्लास फाइली (ॲपचा तयार कोड), चित्रे आणि कधी आवाजाच्या फाइली असतात.

मॅनिफेस्टमधल्या दोन ओळी सर्वांत आधी वाचाव्यात. ‘मायक्रोएडिशन-प्रोफाइल’ या ओळीत मिडपीची, म्हणजे पडदा, बटणे व आवाज यांसारख्या सोयी ठरवणाऱ्या मानकाची, आवृत्ती असते आणि ‘मायक्रोएडिशन-कॉन्फिगरेशन’ या ओळीत सीएलडीसीची, म्हणजे त्याखालच्या मूळ जावा पायाची. मिडपी १.० मध्ये पूर्ण पडदा वापरण्याची सोय नाही, चित्र फिरवून रेखाटता येत नाही आणि आवाजाचा आधारही नाही; या तिन्ही गोष्टी मिडपी २.० मध्ये आल्या. सीएलडीसी १.० मध्ये दशांश संख्याच नाहीत, त्या १.१ मध्ये आल्या. ॲपने मागितलेली आवृत्ती फोनमध्ये नसेल तर फोन ते नाकारतो.

येथे अनेक जण मॅनिफेस्टमधला आकडा कमी करून फोनला फसवण्याचा प्रयत्न करतात. मिडपी २.१ च्या जागी २.० लिहिणे बहुतेक वेळा चालून जाते, कारण २.१ मध्ये मुख्यतः खुलासे व बारीक सुधारणा आहेत. सीएलडीसी १.१ च्या जागी १.० लिहिणे मात्र तेव्हाच चालते, जेव्हा प्रत्यक्ष कोडमध्ये एकही दशांश क्रिया नसते. ती असेल तर इन्स्टॉल होऊनही ॲप त्या क्लासपाशी येऊन पडते, आणि वापरणाऱ्याला कारण काही समजत नाही.

त्यानंतर क्लास फाइली पाहाव्यात. क्लास फाइलीत वापरलेल्या इतर क्लासची नावे साध्या मजकुराच्या रूपात साठवलेली असतात, त्यामुळे सर्व फाइलींमध्ये ‘नोकिया’, ‘सीमेन्स’, ‘मोटोरोला’, ‘सॅमसंग’ हे शब्द रोमन लिपीत शोधले की ॲप कोणत्या कंपनीच्या खास सोयींवर अवलंबून आहे हे लगेच दिसते. याहून तपशील हवा असेल तर जेडीके या जावाच्या साधनसंचाबरोबर येणारे जावापी हे साधन वापरावे.

तिसरी पायरी: मॅनिफेस्ट आणि जॅड जुळवणे

न चालणाऱ्या ॲपपैकी बऱ्याच ॲपचा दोष या दोन छोट्या फाइलींत असतो. जॅड ही जारबरोबर दिली जाणारी वर्णनाची फाइल असते. तिच्यातले ॲपचे नाव, आवृत्ती आणि निर्मात्याचे नाव मॅनिफेस्टमधल्या नावांशी अक्षरशः जुळावे लागते, आणि ‘मिडलेट-जार-साइझ’ या ओळीत जारचा आकार बाइटमध्ये अगदी बरोबर द्यावा लागतो. जारमध्ये एक चित्र जरी बदलले तरी हा आकडा बदलतो, म्हणून तो सर्वांत शेवटी भरावा.

मॅनिफेस्ट लिहिताना तीन गोष्टींची काळजी घ्यावी. फाइल यूटीएफ-८ मध्ये असावी, पण तिच्या आरंभी बीओएम हे अदृश्य चिन्ह नसावे. विंडोजच्या नोटपॅडमध्ये फाइल जतन करताना ते नकळत घातले जाऊ शकते आणि मग पहिलीच ओळ वाचली जात नाही. एक ओळ ७२ बाइटपेक्षा लांब नसावी. लांब झाल्यास पुढचा भाग नव्या ओळीवर एक जागा सोडून लिहावा. आणि शेवटच्या ओळीनंतर एन्टर दिलेलाच असावा, अन्यथा ती शेवटची ओळ गळून पडते. ॲपचे नाव व मुख्य क्लास सांगणारी ‘मिडलेट-१’ ही ओळ नेमकी शेवटी असेल तर फोनच्या दृष्टीने त्या जारमध्ये ॲपच उरत नाही.

जॅडमध्ये ‘मिडलेट-सर्टिफिकेट’ आणि ‘मिडलेट-जार-आरएसए-शा१’ अशा ओळी दिसल्या तर ते ॲप डिजिटल सही केलेले आहे असे समजावे. जार बदलल्यावर ती सही निरुपयोगी होते, आणि न बदलताही जुन्या प्रमाणपत्राची मुदत संपलेली असू शकते. या ओळी सरळ काढून टाकाव्यात, म्हणजे ॲप सहीविना इन्स्टॉल होते. त्यामुळे फाइल वाचताना किंवा संदेश पाठवताना फोन दर वेळी परवानगी विचारतो. आपले हिशेबाचे ॲप यांपैकी काहीच करत नसल्याने त्याला हा त्रास होत नाही.

जॅडच्या आधाराने वेबवरून ॲप उतरवताना जे सांकेतिक क्रमांक मिळतात, त्यांवरून दोष नेमका कळतो. ९०१ म्हणजे मेमरी अपुरी, ९०४ म्हणजे जारचा आकार जुळत नाही, ९०५ म्हणजे दोन फाइलींतील नोंदी जुळत नाहीत, ९०७ म्हणजे जारच सदोष, ९०८ म्हणजे मिडपी किंवा सीएलडीसीची आवृत्ती फोनला मानवत नाही, आणि ९०९ म्हणजे सहीची पडताळणी फसली. ब्लूटूथने किंवा मेमरी कार्डावरून नुसती जार टाकली तर जॅडची गरज बहुतेक फोनवर पडत नाही, आणि माझ्या मते सुरुवात नेहमी तशीच करावी.

चौथी पायरी: कंपनीच्या खास सोयींची उचलबांगडी

मिडपी १.० च्या काळात पूर्ण पडदा हवा असेल तर नोकियाच्या फोनवर ‘फुलकॅनव्हास’ हा नोकियाचा क्लास वापरावा लागे. असे ॲप दुसऱ्या कंपनीच्या फोनवर क्लास सापडत नाही म्हणून पडते. मूळ कोड हाताशी असेल तर दुरुस्ती सोपी आहे. ‘फुलकॅनव्हास’च्या जागी साधा ‘कॅनव्हास’ घ्यावा आणि सुरुवातीला ‘सेट-फुलस्क्रीन-मोड’ ही मिडपी २.० ची पद्धत (मेथड) वापरावी. नोकियाच्या ‘डायरेक्टग्राफिक्स’ने उलटी-सुलटी केलेली चित्रे ‘ड्रॉ-रीजन’ने रेखाटावीत, पिक्सेल थेट रंगवण्याचे काम ‘ड्रॉ-आरजीबी’कडे द्यावे आणि आवाजासाठी मीडिया एपीआयमधला ‘प्लेअर’ वापरावा.

मूळ कोड नसेल तर गरजेपुरता त्याच नावाचा रिकामा क्लास स्वतः लिहून जारमध्ये ठेवता येतो. ‘फुलकॅनव्हास’ नावाचा, ‘कॅनव्हास’वरून बनवलेला चार ओळींचा क्लास अनेकदा पुरतो. मात्र हे केवळ कंपनीच्या क्लासबाबत करता येते; जावाच्या मूळ पॅकेजमधले क्लास जारमधून बदलू देण्यास मिडपीची मनाई आहे.

पाचवी पायरी: बटणे आणि पडदा

अंकांची बटणे सर्व फोनवर सारखी असतात: शून्य ते नऊ यांचे संकेत ४८ ते ५७, तारांकित बटणाचा ४२ आणि हॅशचा ३५. घोळ होतो तो पडद्याखालच्या डाव्या-उजव्या सॉफ्ट बटणांचा, कारण त्यांना प्रमाणित संकेत नाहीत. नोकिया, सोनी एरिक्सन आणि बहुतेक सॅमसंग फोनवर ते उणे ६ आणि उणे ७ असतात, मोटोरोलाच्या पुष्कळ फोनवर उणे २१ आणि उणे २२, तर सीमेन्सवर उणे १ आणि उणे ४. आता गंमत अशी की नोकियावर हेच उणे १ म्हणजे वरचा बाण आणि उणे ४ म्हणजे उजवा बाण. त्यामुळे सीमेन्ससाठी लिहिलेल्या ॲपमध्ये नोकियावर वरचा बाण दाबला की मेनू उघडतो.

यावर टिकाऊ उपाय दोन आहेत. बाणांसाठी संकेत थेट न तपासता ‘गेट-गेम-ॲक्शन’ ही पद्धत वापरावी, म्हणजे भाषांतराचे काम फोन स्वतः करतो. आणि सॉफ्ट बटणांसाठी शक्य तेथे मिडपीच्या ‘कमांड’ वापराव्यात. हिशेबाच्या ॲपमध्ये तर मी अंकांच्या बटणांनाच प्राधान्य देईन: १ म्हणजे नवी नोंद, २ म्हणजे मागील नोंद, ३ म्हणजे बेरीज. पहाटे गर्दीत उभ्या असलेल्या माणसाला मेनूत शिरण्यापेक्षा हे सोयीचे पडते, आणि कोणत्याही फोनवर ते तसेच चालते.

पडद्याचे आकार १२८ बाय १२८, १२८ बाय १६०, १७६ बाय २२० आणि २४० बाय ३२० असे निरनिराळे असतात. जुन्या कोडमध्ये हे आकडे जागोजागी थेट लिहिलेले आढळतात. ते काढून रुंदी व उंची ॲप चालू असताना फोनकडून विचारून घ्यावी आणि ओळींची उंची फॉन्टच्या उंचीवरून काढावी. मूळ कोड नसेल तर मोठ्या पडद्याच्या फोनवर ॲप कोपऱ्यात लहान दिसेल. ते गैरसोयीचे असले तरी हिशेबाला बाधा आणत नाही. उलट, मोठ्या पडद्यासाठीचे ॲप लहान पडद्यावर आणले तर कडेची माहिती कापली जाते, आणि ते मात्र चालवून घेता येत नाही.

सहावी पायरी: आकार आणि मेमरी

नोकियाच्या सुरुवातीच्या सिरीज ४० फोनवर जारची मर्यादा ६४ किलोबाइट होती. पुढच्या फोनवर ती वाढत गेली. जार लहान करण्यासाठी आधी प्रोगार्ड चालवावे. हे साधन न वापरलेले क्लास व पद्धती काढून टाकते आणि उरलेल्यांना एक-दोन अक्षरी नावे देते. ते तयार जारवरही चालते, मूळ कोड लागत नाही. फक्त ‘मिडलेट’वरून बनवलेला मुख्य क्लास राखून ठेवण्याची सूचना त्याला द्यावी, कारण त्याचे नाव मॅनिफेस्टमध्ये लिहिलेले असते.

चित्रांची संख्या कमी करणे हा दुसरा उपाय, आणि त्याचा लाभ अनेकांच्या लक्षात येत नाही. प्रत्येक पीएनजी फाइलीत चित्राची माहिती सोडून किमान ५७ बाइटचा साचा असतो, आणि झिपमध्ये प्रत्येक फाइलीमागे आणखी ७६ बाइट व फाइलीचे नाव दोनदा साठवले जाते. त्यामुळे चाळीस लहान चित्रांची एकच पट्टी केली तर पाच किलोबाइटहून अधिक जागा नुसत्या साच्यांतून वाचते, आणि सामायिक रंगपट्टीमुळे त्यात भर पडते.

जारचा आकार आणि चालताना लागणारी मेमरी या दोन निराळ्या गोष्टी आहेत. पाच किलोबाइटचे सुबक पीएनजी चित्र २४० बाय ३२० आकाराचे असेल तर उघडल्यावर सोळा-बिट रंगांत १,५३,६०० बाइट जागा घेते. लहान हीपच्या फोनवर केवळ स्वागताच्या पडद्याने ॲप कोसळते ते यामुळेच. असे चित्र काढून टाकावे. हिशेबाच्या ॲपला त्याची गरज नाही.

सातवी पायरी: दशांश, पैसे आणि तारीख

सीएलडीसी १.० च्या फोनवर दशांश संख्या नाहीत, पण पैशांच्या हिशेबात त्या १.१ च्या फोनवरही वापरू नयेत, असे माझे आग्रहाचे सांगणे आहे. सर्व काही पूर्णांकांत ठेवावे: फॅट ४.२ असेल तर ४२, एसएनएफ ८.४ असेल तर ८४, दूध १२.४ लिटर असेल तर १२४, आणि दर पैशांत.

समजा ३.५ फॅट व ८.५ एसएनएफला लिटरमागे ३० रुपये दर आहे आणि प्रत्येक पॉइंटला ३० पैसे वाढतात किंवा कमी होतात. फॅट ४.२ म्हणजे सात पॉइंट जास्त, म्हणून २१० पैसे वाढले, एसएनएफ ८.४ म्हणजे एक पॉइंट कमी, म्हणून ३० पैसे घटले. दर झाला ३,१८० पैसे. त्याला १२४ ने गुणले की ३,९४,३२० येतात, आणि दहाने भागले की ३९,४३२ पैसे, म्हणजे ३९४ रुपये ३२ पैसे. भागण्याआधी पाच मिळवले तर अपूर्णांक योग्य बाजूला पूर्ण होतो. एकेका नोंदीसाठी साधा ‘इंट’ पुरतो, पण त्याची मर्यादा २,१४,७४,८३,६४७ आहे आणि पैशांत मोजल्यास ती सुमारे २ कोटी १४ लाख रुपयांवर संपते. म्हणून केंद्राच्या एकूण बेरजेसाठी ‘लाँग’ वापरावा.

रक्कम दाखवताना एक बारीक चूक हमखास होते. रुपये आणि पैसे भागाकार व बाकीने वेगळे करून मध्ये टिंब ठेवले की ३९४ रुपये ५ पैसे हे ‘३९४.५’ असे दिसतात, आणि वाचणारा ते ५० पैसे समजतो. बाकी दहापेक्षा कमी असेल तर तिच्याआधी शून्य लावलेच पाहिजे. दुधाच्या हिशेबात पाच पैशांवरूनही शब्दाला शब्द लागतो, त्यामुळे ही तपासणी टाळू नये.

आकडे भरून घेण्याचाही प्रश्न आहे. टेक्स्टफील्डला दशांश स्वीकारण्याची सोय मिडपी २.० मध्ये आली, १.० वर फक्त पूर्णांक भरता येतो. तेथे फॅट ४२ असाच भरायला सांगावा आणि खाली ४.२ असे दाखवून खात्री करून घ्यावी.

तारखेतला दोष याहून फसवा आहे. सीएलडीसीनुसार फोनला फक्त ग्रिनिच वेळेचा आधार देणे बंधनकारक आहे, आणि काही फोन तेवढाच देतात. भारतीय वेळ ग्रिनिचपेक्षा साडेपाच तास पुढे असल्याने अशा फोनवर पहाटे साडेपाचच्या आधी केलेली नोंद आदल्या दिवशीच्या तारखेला जाऊन पडते. दूध संकलन त्याच वेळेला सुरू होत असेल तर सकाळच्या पहिल्या काही उत्पादकांचा हिशेब सरळ चुकतो. म्हणून फोनचा टाइमझोन काय सांगतो हे आधी तपासावे, आणि तो ग्रिनिचच सांगत असेल तर वेळेत १,९८,००,००० मिलिसेकंद मिळवून मगच तारीख काढावी.

आठवी पायरी: मराठी अक्षरे

भारतात विकलेल्या आणि मराठी-हिंदी मेनू असलेल्या फोनवर जावा ॲपमधली देवनागरी बहुधा नीट दिसते. इतरत्र चौकोन दिसतात, किंवा अक्षरे दिसतात पण जोडाक्षरे फुटतात आणि पहिली वेलांटी अक्षराच्या मागे जाऊन बसते. ‘ॲ’ हे अक्षर तर २००८ च्या युनिकोड ५.१ मध्ये आले, त्यामुळे त्याआधीच्या फॉन्टमध्ये ते नाही. त्याऐवजी ‘अ’वर चंद्र देऊन ‘अॅ’ लिहावे.

ज्या ॲपमध्ये शब्द मोजकेच आहेत तेथे मी फॉन्टच्या भानगडीत न पडता शब्दांचीच चित्रे वापरावीत असे सुचवीन. ‘उत्पादक’, ‘लिटर’, ‘फॅट’, ‘रक्कम’, ‘एकूण’ अशी पंचवीस-तीस लेबले संगणकावर सुवाच्य आकारात काळ्या-पांढऱ्या रंगांत एका पट्टीवर लिहावीत आणि गरजेप्रमाणे त्या पट्टीचा तुकडा पडद्यावर रेखाटावा. दोनच रंग असल्याने अशी पट्टी फार थोड्या जागेत मावते. आकडे मात्र फोनच्या स्वतःच्या फॉन्टमधले ठेवावेत. मोठा मजकूर दाखवायचा असेल तर तो वेगळ्या फाइलीत यूटीएफ-८ मध्ये ठेवावा आणि वाचताना ती सांकेतिक पद्धत स्पष्टपणे सांगावी. त्यात देवनागरीचे प्रत्येक चिन्ह तीन बाइट घेते हे आकाराचा अंदाज बांधताना लक्षात ठेवावे.

नववी पायरी: कंपाइल, प्रीव्हेरिफाय आणि बांधणी

मूळ कोड पुन्हा कंपाइल करायचा असेल तर जेडीके ८ वापरावे, कारण जेडीके ९ पासून जावा १.५ व त्याआधीच्या स्वरूपाचे क्लास बनवण्याची सोय काढून टाकली आहे. सोर्स आणि टार्गेट दोन्ही १.३ ठेवावेत. टार्गेट १.५ किंवा त्याहून वरचा ठेवला तर अक्षरमाला जोडण्यासाठी कंपाइलर ‘स्ट्रिंगबिल्डर’ वापरतो, आणि तो क्लास साध्या फोनवर नसतोच. कंपाइल करताना जेडीकेच्या नेहमीच्या लायब्ररीऐवजी सनच्या वायरलेस टूलकिट २.५.२ मधली मिडपी व सीएलडीसीची जार लायब्ररी म्हणून द्यावी.

यानंतर प्रीव्हेरिफिकेशन करावे लागते. साध्या फोनमध्ये क्लास फाइलीची पूर्ण तपासणी करण्याइतकी ताकद नसल्याने तिचा जड भाग आधीच संगणकावर उरकून त्याची खूण क्लासमध्ये ठेवली जाते. ही खूण नसलेला क्लास फोन नाकारतो. प्रोगार्डला ‘मायक्रोएडिशन’ हा पर्याय दिला की हे काम लहान करण्याबरोबरच होऊन जाते.

बांधणी करताना मॅनिफेस्टचे फोल्डर जारच्या अगदी वरच्या पातळीवर असावे. उलगडलेल्या फाइलींचे बाहेरचे फोल्डरच जसेच्या तसे झिप केले की ते एक पातळी आत जाते आणि फोनला सापडत नाही. फाइली दाबून लहान करण्याची (कॉम्प्रेशनची) पद्धत साधी डिफ्लेट ठेवावी. जेडीकेची जार ही आज्ञा मॅनिफेस्टसह वापरली तर या दोन्ही गोष्टी आपोआप बरोबर होतात.

दहावी पायरी: चाचणी

आधी संगणकावर केएम्युलेटर किंवा फ्रीजेटूएमई, आणि अँड्रॉइडवर जेटूएमई लोडर या एम्युलेटरमध्ये (जावा फोनची नक्कल करणाऱ्या साधनांत) ॲप चालवून पाहावे. एम्युलेटरवर चालले म्हणजे काम झाले असे मात्र नाही, कारण मेमरीची तंगी, बटणांचे संकेत आणि फॉन्ट हे तिन्ही दोष खऱ्या फोनवरच उघडे पडतात.

फोनवर प्रथम किमान आणि कमाल आकडे भरून रकमा वहीशी ताडून पाहाव्यात. मग नोंद केल्यावर लगेच बॅटरी काढून, पुन्हा बसवून ती नोंद टिकली का ते पाहावे. ॲपची माहिती रेकॉर्ड स्टोअर या फोनमधल्या कायमच्या साठ्यात राहते. प्रत्येक नोंदीनंतर ते स्टोअर बंद करावे, ॲप बंद होईपर्यंत वाट पाहू नये. ॲप काढून टाकले की ही सर्व माहितीही जाते. म्हणून सुधारित जार देताना ॲपचे व निर्मात्याचे नाव तेच ठेवून फक्त आवृत्तीचा आकडा वाढवावा, जुन्यावरच नवे इन्स्टॉल करावे आणि माहिती ठेवायची का असे फोनने विचारल्यास होय म्हणावे.

जुन्या ॲपला इंटरनेट लागत असेल तर त्याचा सर्व्हर अजून चालू आहे का हे आधीच पाहावे. सर्व्हर असला तरी आजच्या सुरक्षित जोडणीच्या पद्धती जुन्या फोनला बहुधा येत नाहीत, आणि जिओच्या जाळ्यात टूजी नसल्याने टूजी फोनला ते सिम चालत नाही.

फोन व्हीएक्सपीचा किंवा कायओएसचा असेल तर

जारमध्ये जावाचा बाइटकोड असतो आणि तो चालवायला फोनमध्ये जावा मशीन लागते. व्हीएक्सपीमध्ये एआरएम प्रोसेसरसाठीचा तयार यंत्रकोड असतो. फाइलीच्या नावातला शेवटचा भाग बदलल्याने एकाचे दुसरे होत नाही. फोन अशी फाइल उघडत नाही, एवढेच. खरा मार्ग म्हणजे मीडियाटेकच्या एमआरई एसडीकेमध्ये (ॲप बनवण्याच्या साधनसंचात) सी भाषेत ॲप पुन्हा लिहिणे. हिशेबाच्या ॲपचा गाभा वर सांगितल्याप्रमाणे पूर्णांकांत असेल तर तो जवळजवळ तसाच उचलता येतो. बदलतो तो बाहेरचा भाग: रेखाटनासाठी एमआरईचे ग्राफिक्सचे फंक्शन, बटणांसाठी कॉलबॅक, रेकॉर्ड स्टोअरच्या जागी साधी फाइल. जावात वापरून झालेली मेमरी आपोआप मोकळी होते, येथे ती स्वतः सोडावी लागते.

नोकिया २२० व २२५ वर आणखी एक अडसर आहे. अधिकृत सही नसलेली व्हीएक्सपी फाइल फोनमधल्या सिमच्या आयएमएसआय या ओळख-क्रमांकाशी बांधावी लागते. भारतीय सिमचा हा क्रमांक ४०४ किंवा ४०५ ने सुरू होतो. सिम बदलले की ॲप उघडत नाही, म्हणून पाच जणांना ॲप द्यायचे असेल तर पाच वेगळ्या फाइली बनवाव्या लागतात.

कायओएससाठी मोझिलाने जावास्क्रिप्टमध्ये लिहिलेले प्लुओटसॉर्बेट हे जेटूएमई मशीन उपलब्ध आहे. पण फोनवर बाहेरचे ॲप टाकण्यासाठी डीबग मोड (ॲप बनवणाऱ्यांसाठीची खुली अवस्था) लागतो आणि जिओफोनवर तो सहजासहजी उघडत नाही. डीबग मोड उघडणारा कायओएस फोन हाती असेल, तर एवढे छोटे ॲप जावा मशीनच्या आत चालवण्यापेक्षा एचटीएमएल व जावास्क्रिप्टमध्ये सरळ नव्याने लिहावे, असा माझा सल्ला राहील. तेथे देवनागरीसाठी चित्रांची पट्टी लागत नाही. जावास्क्रिप्टमध्ये सर्व संख्या मुळातच दशांश स्वरूपाच्या असल्याने पैसे पूर्णांकांत ठेवण्याचा नियम मात्र तेथेही पाळावा आणि प्रत्येक भागाकारानंतर उत्तर पूर्णांकात आणून घ्यावे.